पाच जण, पंचेचाळीस मिनिटं

१९६० च्या आसपास अमेरिकेतल्या कॉलेज बास्केटबॉलमध्ये एक नियम प्रत्येक प्रशिक्षकाला पाठ होता, पण तो कुठल्याही नियमपुस्तकात छापलेला नव्हता. घरच्या कोर्टवर दोन कृष्णवर्णीय खेळाडू उतरवावेत, बाहेरगावी तीन, आणि सामना हातचा जायला लागलाच तर चार. पाचवा कधीच नाही. दक्षिणेकडच्या राज्यांत तर हा हिशेबही नव्हता, कारण तिथल्या बहुतेक मोठ्या विद्यापीठांच्या संघांत कृष्णवर्णीय खेळाडूंना जागाच नव्हती. उत्तरेकडच्या कॉलेजांत प्रवेश होता, शिष्यवृत्तीही मिळायची. मात्र प्रेक्षक, देणगीदार आणि माजी विद्यार्थी यांना किती 'सहन' होईल, याचा अंदाज घेऊन संघ निवडला जायचा.

शिकागोच्या लोयोला विद्यापीठाच्या संघाने १९६२-६३ च्या हंगामात हा हिशेब बाजूला ठेवला. पुण्यातल्या पाषाण रस्त्यावरच्या शाळेमुळे आपल्याकडेही लोयोला हे नाव ओळखीचं आहे. दोन्ही संस्था जेझुइट धर्मगुरूंच्या आणि दोन्हींचं नाव इग्नेशियस लोयोला या त्यांच्या संस्थापकाचं. शिकागोतलं विद्यापीठ मिशिगन सरोवराच्या काठावर आहे. त्या काळी तिथली व्यायामशाळा छोटी होती आणि बास्केटबॉलमधला दबदबा बेताचाच. या संघाच्या पहिल्या पाचांत हंगामभर चार कृष्णवर्णीय खेळले. डिसेंबर १९६२ मध्ये वायोमिंगविरुद्धच्या सामन्यात एक बदली खेळाडू आत आला आणि कोर्टवरचे पाचही जण कृष्णवर्णीय झाले. वरच्या श्रेणीच्या कॉलेज बास्केटबॉलमध्ये असं पहिल्यांदाच घडत होतं.

प्रशिक्षक जॉर्ज आयर्लंड काही चळवळीतले गृहस्थ नव्हते. ते नोटर डेम विद्यापीठाकडून खेळलेले, कडक शिस्तीचे आणि पराभव मनाला लावून घेणारे. शिकागोतली नावाजलेली मुलं मोठ्या विद्यापीठांकडे जायची, त्यामुळे दुसरे ज्यांच्याकडे पाहत नव्हते त्यांच्याकडे आयर्लंड वळले. न्यूयॉर्कहून जेरी हार्कनेस आणि रॉन मिलर आले. टेनेसीतल्या नॅशव्हिलमध्ये पर्ल हायस्कूल नावाची कृष्णवर्णीयांसाठीची शाळा होती. बास्केटबॉलमध्ये जबरदस्त असलेल्या या शाळेतून लेस हंटर आणि व्हिक राउझ हे दोन उंचपुरे मित्र जोडीने आले. हे दोघे ज्या शहरात वाढले, तिथलं व्हँडरबिल्ट विद्यापीठ त्यांना संघात घेऊच शकत नव्हतं. पाचवा जॉन ईगन शिकागोचाच, गोरा, बाकीच्यांच्या मानाने बुटका, जिभेने तिखट आणि चेंडू हातात आला की निर्धास्त.

हार्कनेस या संघाचा कर्णधार. त्याची हकिकत मला फार मोलाची वाटते. हार्लेममध्ये वाढलेला हा मुलगा मुळात धावपटू होता. शाळेच्या बास्केटबॉल संघात तो आला तो थेट शेवटच्या वर्षी. हार्लेमच्या वायएमसीएमध्ये खेळत असताना जॅकी रॉबिन्सन यांनी त्याला पाहिलं. अमेरिकेच्या मोठ्या बेसबॉल लीगमधली वर्णभेदाची भिंत १९४७ मध्ये पाडणारे ते हेच रॉबिन्सन. 'तू कॉलेजमध्ये खेळू शकशील,' असं त्यांनी या मुलाला सांगितलं. तोवर कॉलेजचा विचारही त्याच्या डोक्यात आलेला नव्हता.

आयर्लंड यांचा संघ प्रतिस्पर्ध्याला दम खाऊ देत नसे. समोरच्याने आपल्या बास्केटखालून चेंडू आत टाकला रे टाकला, की तिथूनच त्याला घेरायचं, पास अडवायचा आणि चेंडू हिसकावून पळत सुटायचं. 'फुल कोर्ट प्रेस' म्हणतात तो हाच डाव. त्यासाठी दमसास लागतो आणि हे पाचही जण चाळीस मिनिटं पळू शकत होते. कॉलेजचा सामना तेव्हाही वीस-वीस मिनिटांच्या दोन सत्रांचाच होता. तीन गुणांची फेक तेव्हा नव्हती आणि ठरावीक सेकंदांत चेंडू फेकलाच पाहिजे असं बंधनही नव्हतं. एखाद्या संघाने आघाडी घेऊन चेंडू नुसता फिरवत ठेवला, तर त्याला कुणी रोखू शकत नसे. अशा काळात लोयोलाने सामन्यामागे सरासरी ९१.८ गुण केले. देशात इतके गुण दुसऱ्या कुणाचेच नव्हते.

फेब्रुवारीच्या मध्यापर्यंत हा संघ एकही सामना हरला नव्हता. मग बोलिंग ग्रीनने त्यांना ९२-७५ असं चांगलंच हरवलं आणि मार्चच्या सुरुवातीला विचिटाने एका गुणाने. अख्ख्या हंगामात पराभव हे दोनच. मात्र हंगामाच्या मध्यावर एक वेगळाच फटका बसला होता. दोन चांगले राखीव खेळाडू परीक्षेत पुरेसे गुण न मिळाल्यामुळे अपात्र ठरले. बाकावर भरवशाचं असं फारसं कुणी उरलं नाही आणि सगळा भार पहिल्या पाचांवर आला. पुढे अंतिम सामन्यात जे घडलं, त्याचं बीज इथे आहे.

कोर्टबाहेरचा हंगाम निराळा होता. न्यू ऑर्लिन्सच्या एका दौऱ्यात कृष्णवर्णीय खेळाडूंना गोऱ्या सोबत्यांबरोबर हॉटेलात राहता आलं नाही. वेगळ्या टॅक्सीतून नेऊन त्यांची सोय कृष्णवर्णीय कुटुंबांच्या घरी करावी लागली. ह्यूस्टनमध्ये प्रेक्षकांनी शिव्यांचा भडिमार केला, वस्तूही फेकल्या. आणि राष्ट्रीय स्पर्धेत दक्षिणेतल्या मिसिसिपी स्टेट विद्यापीठाशी गाठ पडणार हे ठरल्यावर हार्कनेसच्या वसतिगृहातल्या खोलीवर पत्रं यायला लागली, कू क्लक्स क्लॅन या वर्णद्वेष्ट्या संघटनेची. पत्ता बरोबर होता. मजकुरापेक्षा त्याचीच भीती जास्त वाटली असणार, असं मला वाटतं. विशी-बाविशीतला हा मुलगा सकाळी वर्गात बसत होता, संध्याकाळी सराव करत होता आणि रात्री ही पाकिटं उघडत होता.

राष्ट्रीय स्पर्धेच्या पहिल्या फेरीत लोयोलाने टेनेसी टेकला १११-४२ असं हरवलं. एकोणसत्तर गुणांचं हे अंतर या स्पर्धेत आजवर कुणी ओलांडलेलं नाही. पुढचा सामना मिसिसिपी स्टेटशी होता. पण तो संघ येणार की नाही, हेच कुणाला ठाऊक नव्हतं.

मिसिसिपी राज्याचाही एक अलिखित नियम होता. राज्यातल्या गोऱ्या कॉलेजांच्या संघांनी कृष्णवर्णीय खेळाडू असलेल्या संघाशी खेळायचं नाही. तसा कायदा झालेला नव्हता. तरीही या नियमापायी मिसिसिपी स्टेटने १९५९, १९६१ आणि १९६२ अशी तीन वेळा आपल्या विभागाचं विजेतेपद मिळवूनही राष्ट्रीय स्पर्धेचं निमंत्रण नाकारलं होतं. बेब मॅकार्थी हे त्यांचे प्रशिक्षक. विजेता संघ घरी बसवायचा आणि आपल्या जागी दुसरा संघ स्पर्धेला जाताना पाहायचं, हे त्यांच्या नशिबी आलं होतं. १९६३ मध्ये संघ पुन्हा अव्वल आला. आदल्या शरद ऋतूत जेम्स मेरेडिथ या कृष्णवर्णीय विद्यार्थ्याच्या प्रवेशावरून याच राज्यातल्या दुसऱ्या विद्यापीठात दंगल उसळली होती आणि तीत दोन माणसं मेली होती. गव्हर्नर रॉस बार्नेट वंशविभाजनाचे कट्टर पुरस्कर्ते होते. वातावरण इतकं पेटलेलं असताना विद्यापीठाचे अध्यक्ष डीन कोलव्हर्ड यांनी मार्चच्या सुरुवातीला जाहीर केलं, की सक्षम अधिकाऱ्याने रोखलं नाही तर आपला संघ जाईल.

या माणसाचं मला फार कौतुक वाटतं. कोलव्हर्ड शेतीशास्त्राचे अभ्यासक, स्वभावाने सावध, नॉर्थ कॅरोलिनाहून आलेले. या निर्णयापायी नोकरी जाऊ शकते हे त्यांना पुरतं कळत होतं. राज्यातल्या एका दैनिकाने लोयोलाच्या संघाचा फोटो मुद्दाम छापला, कोणाशी खेळायला चालला आहात ते लोकांना दिसावं म्हणून. विद्यापीठांच्या नियामक मंडळाची बैठक बोलावण्यात आली, पण मंडळाने बहुमताने कोलव्हर्ड यांची बाजू घेतली. विद्यार्थी तर आधीपासूनच संघाच्या मागे उभे होते. मग बिली मिट्स हे राज्याचे सिनेटर आणि त्यांचे एक सहकारी कोर्टात गेले आणि १३ मार्चला त्यांनी संघाच्या प्रवासावर मनाई हुकूम मिळवला. मिट्स स्वतः याच कॉलेजचे माजी विद्यार्थी.

मनाई हुकूम हाती पडल्याशिवाय बंधनकारक होत नाही, ही कायद्यातली साधी गोष्ट. तेव्हा तो हाती पडूच नये, एवढंच करायचं होतं. कोलव्हर्ड राज्याची हद्द ओलांडून अलाबामात भाषणाला गेले. मॅकार्थी आणि क्रीडा विभागाचे प्रमुख त्याच रात्री गाडीने टेनेसीत निसटले. शेरीफची माणसं हुकूम घेऊन विद्यापीठाच्या स्टार्कव्हिल गावात येऊन थांबली होती. दुसऱ्या दिवशी सकाळी सहायक प्रशिक्षकाने राखीव खेळाडूंना तेवढं विमानतळावर पुढे पाठवलं. हुकूम बजावणारा कुणी दबा धरून बसला असेल, तर त्याच्या हाती हेच लागावेत. मुख्य खेळाडू आवारातच दडून राहिले. विमानतळावर कुणीच नव्हतं. निरोप आला, मुख्य खेळाडू धावत पोहोचले आणि लहानसं विमान उडालं. नॅशव्हिलला मॅकार्थी त्यांची वाट पाहत होते. त्याच दिवशी राज्याच्या सर्वोच्च न्यायालयाच्या एका न्यायाधीशांनी मनाई हुकूमही उठवला. तोवर संघ मिशिगनच्या वाटेवर होता.

या पळापळीची गोष्ट सांगताना लोकांना तिच्यातली गंमत जास्त भावते. मला मात्र त्या खेळाडूंची वयं आठवत राहतात. वीस-एकवीस वर्षांची ही गोरी दक्षिणी मुलं. वर्गात, चर्चमध्ये, घरात सगळीकडे वर्ण वेगळे ठेवायचे हेच ऐकत मोठी झालेली. वर्णविद्वेषाविरुद्ध लढायचं म्हणून ती विमानात बसली नव्हती. आपण देशात किती चांगले आहोत हे त्यांना बघायचं होतं, आणि सर्वांत चांगल्यांशी खेळल्याशिवाय ते कळत नाही. लोयोलाच्या आयर्लंडनाही सर्वांत चांगले पाच हवे होते. जिंकण्याची साधी, प्रामाणिक इच्छा दोन्ही अलिखित नियमांना भारी पडली. या हंगामाबद्दल मला सर्वांत महत्त्वाची वाटते ती ही गोष्ट.

१५ मार्च १९६३ ची रात्र, मिशिगन राज्यातल्या ईस्ट लान्सिंगचं जेनिसन फील्डहाउस. सामना सुरू होण्याआधी दोन्ही कर्णधार मध्यवर्तुळात आले. एका बाजूला जेरी हार्कनेस, दुसऱ्या बाजूला जो डॅन गोल्ड. दोघांनी हात मिळवले आणि एकाच क्षणी इतके फ्लॅश उडाले, की हार्कनेस दचकला. त्या क्षणी कळलं, की हा नुसता सामना नाही, असं तो पुढे आयुष्यभर सांगत असे.

सामना मात्र सामन्यासारखाच झाला आणि तो तसा झाला याचंच महत्त्व मोठं. मिसिसिपी स्टेटने पहिले सात गुण ओळीने घेतले. ते संथ खेळत होते. चेंडू राखायचा, हमखास फेक मिळेपर्यंत थांबायचं, लोयोलाला पळूच द्यायचं नाही. मध्यंतरापर्यंत लोयोला २६-१९ असा पुढे गेला. दुसऱ्या सत्रात मिसिसिपीचा लेलँड मिचेल पाच फाउल होऊन बाहेर गेला आणि त्यांची पकड सुटली. लोयोलाने सामना ६१-५१ असा जिंकला, त्यात हार्कनेसचे वीस गुण. ढकलाढकल नाही, शिवीगाळ नाही, भांडण नाही. कुणी पडला तर समोरचा हात देऊन उठवत होता. मिसिसिपी स्टेटने दुसऱ्या दिवशी तिसऱ्या क्रमांकाच्या सामन्यात बोलिंग ग्रीनला हरवलं. लोयोलाला हंगामातला पहिला पराभव दाखवणारा बोलिंग ग्रीन तो हाच, आणि त्याच्याही संघात कृष्णवर्णीय खेळाडू होते. स्टार्कव्हिलला परतल्यावर संघाला कुणी त्रास दिला नाही. कोलव्हर्ड यांची नोकरीही शाबूत राहिली.

लोयोलाने पुढे इलिनॉयला ७९-६४ आणि उपांत्य सामन्यात ड्यूकला ९४-७५ असं हरवलं. आता लुइव्हिलच्या फ्रीडम हॉलमध्ये गाठ होती सिनसिनाटीशी. सिनसिनाटी लागोपाठ दोन वर्षांचा विजेता आणि त्या वर्षीचा पहिल्या क्रमांकाचा संघ. अख्ख्या हंगामात ते एकदाच हरले होते, तेही विचिटाकडून आणि तेही एकाच गुणाने. बचावात त्यांच्या तोडीचं देशात कुणी नव्हतं. सर्वाधिक गुण करणारा संघ आणि सर्वांत कमी गुण देणारा संघ २३ मार्चला समोरासमोर आले. दोन्हीकडचे मिळून पहिल्या दहातले सात खेळाडू कृष्णवर्णीय होते. अंतिम सामन्यात हे बहुमत प्रथमच दिसत होतं.

सुरुवात लोयोलासाठी भयंकर होती. चेंडू बास्केटमध्ये जातच नव्हता. मध्यंतराला सिनसिनाटी २९-२१ असा पुढे होता आणि दुसऱ्या सत्रात ही आघाडी ४५-३० झाली. पंधरा गुण. हार्कनेसला तोवर चालू खेळातून एकही बास्केट करता आलेली नव्हती. सिनसिनाटीने मग त्यांचं नेहमीचं हत्यार काढलं. चेंडू फिरवायचा आणि घड्याळ संपवायचं. त्यांचे तीन मुख्य खेळाडू चार-चार फाउलवर होते, त्यामुळे सावध खेळणं त्यांना भागच होतं.

पण दबावाखाली चेंडू सांभाळून ठेवणं फार कठीण. लोयोलाचे पाच जण कोर्टभर अंगावर धावून येत होते आणि सिनसिनाटीच्या हातून चेंडू निसटायला लागला. सामना संपला तेव्हा सिनसिनाटीने सोळा वेळा चेंडू गमावला होता, लोयोलाने फक्त तीन वेळा. या दोन आकड्यांत अख्खा सामना आहे. लोयोलाने चौऱ्याऐंशी फेकी केल्या, त्यांतल्या तेवीस आत गेल्या. सिनसिनाटीच्या पंचेचाळीसपैकी बावीस. इतकी वाईट नेमबाजी करून अंतिम सामना जिंकता येत नाही, असं कोणताही प्रशिक्षक सांगेल. पण जवळपास दुप्पट वेळा फेकण्याची संधी मिळाली, तर हिशेब बदलतो.

शेवटच्या पाच मिनिटांत हार्कनेसची पहिली बास्केट पडली, पाठोपाठ आणखी गुण आले आणि आघाडी वितळत गेली. बारा सेकंद उरले असताना सिनसिनाटी ५३-५२ असा पुढे होता आणि त्यांचा लॅरी शिंगलटन दोन मुक्त फेकांसाठी रेषेवर उभा राहिला. पहिली आत गेली. दुसरी गेली असती, तर खेळ तिथेच आटोपला असता. ती हुकली. हंटरने चेंडू पकडला, मिलरकडे दिला, मिलरने हार्कनेसकडे, आणि हार्कनेसने काही सेकंद उरले असताना ५४-५४ अशी बरोबरी साधली.

जादा पाच मिनिटांतही ५८-५८. शेवटचा चेंडू लोयोलाकडे. शेवटची फेक कर्णधाराची असं ठरलेलं होतं आणि हार्कनेस उसळलाही, पण सिनसिनाटीच्या रॉन बॉनहॅमचा हात चेंडूला लागला. हार्कनेसने हवेतूनच चेंडू कसाबसा हंटरकडे ढकलला. हंटरची फेक कड्यावर आदळून बाहेर आली आणि तिथे त्याच्या शाळेपासूनचा सोबती व्हिक राउझ उभा होता. त्याने चेंडू पकडून वर टाकला. ६०-५८. घड्याळात एक सेकंद.

लोयोलाच्या पहिल्या पाचांनी चाळीस अधिक पाच अशी पंचेचाळीस मिनिटं एकही बदली न करता खेळून काढली. राष्ट्रीय स्पर्धेच्या अंतिम सामन्यात, तोही कोर्टभर पळत, हे घडलं. इलिनॉय राज्यातल्या कुठल्याही विद्यापीठाला पुरुषांचं हे विजेतेपद त्याआधी मिळालं नव्हतं आणि त्यानंतरही मिळालेलं नाही.

तरी हा हंगाम बराच काळ विस्मरणात गेला. तीन वर्षांनी, १९६६ मध्ये, टेक्सस वेस्टर्नच्या संघाने पाच कृष्णवर्णीय खेळाडूंनिशी अंतिम सामन्याला सुरुवात केली आणि केंटकीच्या संपूर्ण गोऱ्या संघाला हरवलं. त्यावर पुढे चित्रपट निघाला आणि लोकांच्या मनात तेच साल कोरलं गेलं. टेक्सस वेस्टर्नचं श्रेय मोठंच आहे. पण त्या वाटेवरचा कठीण चढ लोयोलाने आधी चढून ठेवला होता, हे सांगायलाच हवं. लोयोलाच्या त्या संघाला व्हाइट हाउसमध्ये बराक ओबामांनी बोलावलं, तेव्हा २०१३ साल उजाडलं होतं. पाचही जणांनी आपापली पदवी पूर्ण केली होती. ईगन वकील झाला, राउझने शिक्षणक्षेत्रात डॉक्टरेट मिळवली, हंटर आणि हार्कनेस व्यावसायिक लीगमध्ये खेळले. हार्कनेस आणि गोल्ड यांचीही पुढे ओळख वाढली. २०११ मध्ये गोल्ड गेला तेव्हा हार्कनेस केंटकीला त्याच्या अंत्यविधीला गेला होता आणि शवपेटीजवळ त्याने तोच हस्तांदोलनाचा फोटो ठेवलेला पाहिला.

म्हणून त्या हस्तांदोलनाने दक्षिण बदलली, असं म्हणणं खरं नाही. सामना झाल्यावर तीन महिन्यांच्या आत मिसिसिपीतच नागरी हक्क चळवळीचे नेते मेडगर एव्हर्स यांची घरासमोर गोळी घालून हत्या झाली. मिसिसिपी स्टेटच्या संघात पहिला कृष्णवर्णीय खेळाडू यायला १९७० चं दशक उजाडावं लागलं. हंटर आणि राउझ यांच्या त्याच पर्ल हायस्कूलमधला पेरी वॉलेस हा मुलगा पुढे व्हँडरबिल्टमध्ये गेला. ज्या विद्यापीठाचं दार त्या दोघांना बंद होतं, तिथे तो शिकला आणि मिसिसिपी स्टेटच्याच विभागातल्या वरिष्ठ संघात हंगाम खेळणारा पहिला कृष्णवर्णीय बास्केटबॉलपटू ठरला. १९६७ मध्ये कॉलेजच्या पहिल्या वर्षात असताना तो आणि गॉडफ्री डिलार्ड हा त्याचा कृष्णवर्णीय सोबती स्टार्कव्हिलला खेळायला गेले. ज्या गावाने चार वर्षांपूर्वी आपल्या संघाला लोयोलाशी खेळू दिलं होतं, ते हेच. प्रेक्षकांच्या शिव्या आणि धमक्या इतक्या भयानक होत्या, की मध्यंतरात दोघे एकमेकांचा हात धरून बसले होते. वॉलेस तरी खेळत राहिला. १९७० मध्ये व्हँडरबिल्टकडून तो शेवटचा सामना खेळला, तो घरच्या कोर्टवर आणि मिसिसिपी स्टेटविरुद्ध. उडी घेऊन चेंडू वरून बास्केटमध्ये कोंबायला, म्हणजे डंक करायला, तेव्हा कॉलेजच्या खेळात बंदी होती. वॉलेसने आपली शेवटची बास्केट तशीच केली आणि पंचांनी ती धरली.